हप्ता किती, हे विचारून थांबू नका

(वाकडमध्ये एका रविवारी तरुणांच्या बैठकीत केलेल्या मांडणीचा मजकूर)



आधी एक विचारतो. ज्यांच्यावर गृहकर्ज आहे त्यांनी हात वर करा. बरेच आहेत. ज्यांना महिन्याचा हप्ता पाठ आहे त्यांनी हात तसेच ठेवा. एकही हात खाली आला नाही. आता कर्ज फिटेपर्यंत बँकेला एकूण किती रुपये द्यायचे आहेत, हे ज्यांना ठाऊक आहे त्यांनीच हात वर ठेवा.

दोन हात राहिले. लाजू नका. २०२३ पर्यंत माझाही हात खाली गेला असता. मी सॉफ्टवेअर इंजिनिअर आहे, हिंजवडीत दिवसभर दुसऱ्यांचे आकडे तपासतो. घरच्या आकड्यांकडे मात्र दोन वर्षं पाहिलं नव्हतं. ते का, हे सांगायलाच आज उभा आहे.

२०२१ साली मी वाकडमध्ये घर शोधत होतो. त्यातला काही भाग तुम्हाला न सांगताही कळेल. फोनवर सगळं जुळायचं. नाव सांगितलं की एजंट म्हणायचा, ‘मालकांना विचारून सांगतो.’ मग त्याचा फोन यायचा नाही. अशी चार घरं गेली. पाचव्या घराचे मालक म्हणाले, ‘मला काही अडचण नाही, या तुम्ही.’ ते ऐकून मला इतकं हायसं वाटलं की मी भावसुद्धा केला नाही. घर मिळतंय हेच पुष्कळ, आता घासाघीस कशाला, असं वाटलं.

बँकेतही तेच झालं. समोरचा माणूस कागद उलटत होता आणि पेन्सिलीने खूण केलेल्या जागी मी सह्या करत होतो. मी एकच प्रश्न विचारला, ‘हप्ता किती?’ तो म्हणाला, ‘३८,१६७.’ पगारातून जातील, असं म्हटलं आणि उठलो. कर्ज ५० लाखांचं होतं, व्याज ६.८ टक्के, मुदत २० वर्षं.

एप्रिल २०२३ मध्ये आयकरासाठी व्याजाचा दाखला हवा होता, म्हणून कर्जखात्याचा उतारा उघडला. हप्ता तोच होता, ३८,१६७. त्या महिन्यात त्यातले ३७,५४१ रुपये व्याजात गेले होते. मुद्दल फिटलं होतं ६२६ रुपये. मला वाटलं, काहीतरी चुकलंय. एक्सेलमध्ये मांडून पाहिलं. चूक नव्हती. शिल्लक कर्ज ४८ लाख ४४ हजार होतं. त्याच दराने तोच हप्ता भरत राहिलो असतो, तर ते फिटायला आणखी ४४ वर्षं लागली असती. मी तेव्हा ३३ वर्षांचा होतो. म्हणजे शेवटचा हप्ता सत्त्याहत्तराव्या वर्षी.

हे कसं झालं? ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना बदलत्या दराची नवी गृहकर्जं बाहेरच्या एखाद्या दराशी जोडावी लागतात. बहुतेक बँकांनी ती रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराशी जोडली. मी कर्ज घेतलं तेव्हा रेपो ४ टक्के होता. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात तो ६.५ टक्क्यांवर गेला. माझा दर ६.८ वरून ९.३ झाला. बँकेने हप्ता तोच ठेवला आणि मुदत वाढवत नेली. कळवलंही असेल, मी मेसेज वाचले नाहीत. खात्यातून दरमहा तेवढेच पैसे जात होते, म्हणून मी निर्धास्त होतो.

आता माझं कर्ज बाजूला ठेवू आणि तुमच्या कामाचं उदाहरण घेऊ. फोनवर कॅल्क्युलेटर उघडा. कर्ज ५० लाख, व्याज साडेआठ टक्के, मुदत २० वर्षं. हप्ता येतो ४३,३९१ रुपये. त्याला २४० ने गुणा. एक कोटी चार लाखांच्या वर जातं. म्हणजे ५० लाख परत करायचे आणि त्यावर ५४ लाख व्याज द्यायचं.

पहिल्या हप्त्यातले ३५,४१७ रुपये व्याज असतं आणि ७,९७४ मुद्दल. यात फसवणूक नाही. व्याज शिल्लक रकमेवर लागतं आणि सुरुवातीला जवळजवळ सगळीच रक्कम शिल्लक असते. पण त्याचा परिणाम बघा. पाच वर्षांत तुम्ही २६ लाख रुपये भरता आणि कर्ज कमी होतं सहा लाखांहूनही थोडं कमी. हप्त्यात मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला जवळपास बारा वर्षं जातात. अर्धं मुद्दल फिटतं ते चौदाव्या वर्षाच्या अखेरीकडे. पाच-सहा वर्षांत घर विकून मोठं घेऊ, असं ठरवणाऱ्यांनी हे आधी मांडून पाहावं.

मुदतीचंही तसंच आहे. हेच कर्ज १५ वर्षांत फेडलं तर हप्ता ४९,२३७ होतो आणि व्याज ३८ लाख ६३ हजार. महिन्याला ५,८४६ रुपये जास्त भरले की साडेपंधरा लाख वाचतात. उलट ३० वर्षं घेतली तर हप्ता ३८,४४६ वर येतो, व्याज मात्र ८८ लाखांवर जातं. ‘हप्ता कमी करून देतो’ असं कोणी म्हणालं, की तो एकूण रकमेबद्दल काय म्हणतोय हे विचारा.

कर्जाबाहेरचे खर्चही आहेत. ६५ लाखांचा फ्लॅट धरू. पिंपरी-चिंचवडच्या हद्दीत अधिभारांसह मुद्रांक शुल्क ७ टक्के, म्हणजे साडेचार लाखांच्या वर. घर फक्त बाईच्या नावावर घेतलं तर एक टक्का सूट मिळते. मुलींनो, हे घरात मोठ्याने सांगा. सूट मिळते म्हणून का होईना, कागदावर तुमचं नाव लागेल. नोंदणीचे ३० हजार वेगळे. इमारत अजून पूर्ण झालेली नसेल तर वर ५ टक्के जीएसटी. हा खर्च बहुतेक खिशातूनच करावा लागतो. मग सोसायटीचा मेंटेनन्स. २०१९ च्या अखेरीपासून आपल्याकडे नळाला दिवसाआड पाणी येतं, बाकी टँकर. टँकरचं बिल कुठल्याही जाहिरातीत छापलेलं नसतं.

विम्याचंही बघा. कर्जासोबत एकरकमी हप्त्याचा विमा पुष्कळदा गळ्यात घालतात आणि ती रक्कम कर्जातच मिळवतात. दीड लाखाचा विमा असा कर्जात गेला, तर साडेआठ टक्क्यांनी २० वर्षांत तो तीन लाख बारा हजारांना पडतो. विमा असावाच. मात्र तो त्याच बँकेकडून घेण्याची सक्ती नाही. साधा टर्म इन्शुरन्स बाहेरून घ्या आणि दोन्हींची तुलना करा.

मग घर घेऊच नये का? असं मी म्हणत नाही. आज २५ हजार भाडं आहे आणि ते दरवर्षी सहा टक्क्यांनी वाढतंय असं धरलं, तर २० वर्षांत तेही एक कोटी दहा लाखांच्या घरात जातं. वीस वर्षांनंतरच्या रुपयाला आजच्याइतकी किंमतही नसते. आणि दर अकरा महिन्यांनी नवा मालक शोधायचा, पुन्हा नाव सांगायचं, पुन्हा त्या फोनची वाट बघायची, हे आपल्यातल्या पुष्कळांना नको असतं. मलाही नको होतं. घर घेतल्याचा मला पश्चात्ताप नाही. किंमत न विचारता घेतलं, याचा आहे.

आता थोडा अवघड विषय. आमच्या घरात या कर्जाचं नावही निघत नव्हतं. अब्बा दापोडीच्या एसटी वर्कशॉपमध्ये मेकॅनिक होते. त्यांनी आयुष्यात व्याजाने एक रुपया घेतला नाही. रिटायर झाल्यावर मिळालेल्या पैशांतून गावाकडे दोन खोल्या बांधल्या. म्हणून मी त्यांना सांगितलं होतं की कंपनीने मदत केली आणि थोडं बँकेचं आहे. ‘थोडं’ म्हणजे ५० लाख. नातेवाइकांनाही तेच. सूद म्हटलं की पुढचं बोलणं बंद होतं, हे मला माहीत होतं.

त्या एप्रिलमध्ये मात्र मला झोप लागेना. एका रात्री उताऱ्याची प्रिंट काढून अब्बांसमोर ठेवली. त्यांनी चष्मा लावला आणि ओळ न् ओळ बोट ठेवून वाचली. ‘सहाशे सव्वीस? एवढेच?’ म्हणाले. बराच वेळ गप्प बसले. मग म्हणाले, ‘सूद दिलंस ते तू आणि अल्लाह बघून घ्याल. पण बेटा, हिशेब मला का नाही दाखवलास?’

त्याला माझ्याकडे उत्तर नव्हतं.

व्याजाबद्दल ज्याची त्याची श्रद्धा असते. कर्ज घ्यायचंच नाही असं ठरवून कोणी भाड्याने राहत असेल, तर त्याचा मला आदर आहे. फतवा देणं हे माझं काम नाही. मी एवढंच बघतोय की लाजेपोटी आपण या विषयावर घरात बोलत नाही, आणि न बोलण्याचीही किंमत पडते. मोठा भाऊ जी चूक करतो तीच धाकटा करतो, कारण मोठ्याने ती सांगितलेलीच नसते. कोणी बायकोचं सोनं गहाण टाकतो, कोणी ‘बिनव्याजी’ म्हणून किंमत चढवलेला व्यवहार करतो. व्याज हा शब्द टाळला तरी एकूण किती द्यायचे, हा प्रश्न टळत नाही.

त्यानंतर मी काय केलं ते सांगतो. मी आणि बायको दोन रविवार हिशेब घेऊन बसलो. हप्ता ४६,००० केला, तेव्हा कुठे कर्ज पुन्हा मूळ मुदतीत बसलं. महिन्याला ७,८३३ रुपये जास्त. गाडी बदलायचं रद्द झालं. २०२५ मध्ये फेब्रुवारी ते जून रेपो एक टक्क्याने उतरला, तेव्हा हप्ता कमी करून घेतला नाही. तोच ठेवला, मुदत कमी झाली.

तुमच्यासाठी चार गोष्टी. पहिली, १ ऑक्टोबर २०२४ पासून नवं कर्ज देताना बँकेला मुख्य तथ्यांचं एक पत्रक द्यावंच लागतं. सगळे खर्च धरून वर्षाचा खरा दर आणि परतफेडीचा तक्ता त्यात असतो. कर्जदाराला समजेल अशा भाषेत ते द्यायचं, असा नियम आहे. मराठीत मागा. घरी न्या, अम्मी-अब्बांसोबत वाचा, मग सही करा.

दुसरी, कर्ज आधीच घेतलेलं असेल तर आज रात्री तीन आकडे शोधा: सध्याचा दर, शिल्लक मुद्दल, शेवटच्या हप्त्याची तारीख. तारीख पुढे सरकली असेल तर बँकेत जा. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने सांगितलं आहे की दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे निवडण्याची संधी कर्जदाराला द्यायला हवी.

तिसरी, बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जाची मुदतीआधी परतफेड केली तर बँक दंड लावू शकत नाही. मघाच्या उदाहरणात दरवर्षी एक हप्ता जास्त भरला, तर कर्ज सव्वातीन वर्षं आधी फिटतं आणि दहा लाखांहून जास्त व्याज वाचतं. बोनसचं काय करायचं, हे तुम्ही ठरवा.

चौथी, करसवलतीवर विसंबून कर्ज वाढवू नका. नव्या करप्रणालीत, म्हणजे हल्ली न सांगता लागू होते तिच्यात, स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजाची वजावट मिळत नाही.

शेवटी एक आठवण. इथून फार दूर नाही, पुणे जिल्ह्यातल्या सुप्यात मे १८७५ मध्ये शेतकऱ्यांनी सावकारांच्या वह्या आणि कर्जखतं जाळली. त्यातल्या बहुतेकांना, आपण कशावर अंगठा उठवला होता, हे वाचता येत नव्हतं. त्यांच्या रेट्यामुळे १८७९ साली कायदा झाला आणि कर्जखतामागचा खरा व्यवहार तपासण्याचा अधिकार न्यायालयांना मिळाला. आपल्याला वाचता येतं. कागद मोबाइलवर आहे, मराठीत मागता येतो. तरी आपण खूण केलेल्या जागी सही करून मोकळे होतो.

‘मला काही अडचण नाही’ असं कोणी म्हणालं म्हणून भारावून जाऊ नका. घर मिळणं हा उपकार नाही. तुम्ही त्याचे पैसे मोजताय, आणि वीस वर्षं मोजणार आहात. नीट विचारा, भाव करा, हिशेब घरात सगळ्यांसमोर ठेवा.

आता अब्बा दर तीन महिन्यांनी उतारा मागतात. चष्मा लावतात आणि मुद्दलाच्या रकान्यावर बोट ठेवतात. आकडा वाढलेला दिसला की काही बोलत नाहीत, कागद घडी करून परत देतात.