नावांची पाटी

शेलूबाजारसारख्या बाजाराच्या गावात राहणाऱ्या माणसाने युगोस्लाव्हियाबद्दल बोलावं, हे काहींना गमतीचं वाटेल. पण आमच्या पिढीला तो देश अगदीच परका नव्हता. अलिप्त राष्ट्रांचा धडा आला की गुरुजी नेहरू, नासर आणि टिटो ही तीन नावं एका दमात घ्यायचे. १९६१ची बेलग्रेड परिषद परीक्षेला हमखास असायची. तो देश आता नकाशावर नाही. त्याने बांधलेली युद्धस्मारकं मात्र डोंगरमाथ्यांवर अजून उभी आहेत, आणि आज त्यांच्या निमित्ताने मला आपल्या घरचंच बोलायचं आहे.

१९४१मध्ये जर्मनी आणि इटलीच्या फौजा तिथे घुसल्या. त्यांच्याशी लढताना तिथली माणसं आपसातही लढली, शेजाऱ्याने शेजाऱ्याला मारलं. पुढे टिटोंच्या समाजवादी सरकारला स्मारकं उभारायची होती, पण कोणत्या चिन्हाखाली, हा अवघड प्रश्न होता. क्रॉस लावावा तर एक गट दुखावतो, चंद्रकोर लावावी तर दुसरा. मग शिल्पकारांनी वेगळीच वाट काढली. यासेनोवाच्या छळछावणीच्या जागी बोगदान बोगदानोविच या वास्तुविशारदाने १९६६ साली काँक्रीटचं एक प्रचंड फूल उभं केलं. क्रागुयेवाच इथे १९४१च्या ऑक्टोबरमध्ये शाळकरी मुलांनाही गोळ्या घातल्या गेल्या होत्या. तिथे मोडक्या पंखांसारखी शिल्पाकृती आहे.

मला सगळ्यात जवळचं वाटतं ते मोस्तारचं स्मारक. तेही बोगदानोविचचंच, १९६५चं. टेकडीच्या उतारावर शहरातल्या मृत सैनिकांच्या नावांचे सहाशेहून अधिक दगड. मुसलमान, सर्ब, क्रोएट, ज्यू, सगळे एकमेकांशेजारी. दगडावर नाव आणि सालं, एवढंच. कोण कुठल्या धर्माचा, हे दगड सांगत नाही. १९९०नंतर देश फुटला. एकट्या क्रोएशियात अशी सुमारे तीन हजार स्मारकं फोडली किंवा विद्रूप केली गेली. मोस्तारही सुटलं नाही. जून २०२२मध्ये एका रात्रीत कोणीतरी ते नावांचे दगड जवळजवळ सगळे फोडून टाकले. भिंती, पायऱ्या राहू दिल्या. हातोडा पडला तो नावांवर.

आता आपल्याकडे या. ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीला महाराष्ट्र सरकारनेही असाच एक मोठा घाट घातला होता. बॅरिस्टर अब्दुल रहमान अंतुले मुख्यमंत्री होते. त्यांच्या कल्पनेतून, स्वातंत्र्यलढ्यात ज्या ज्या गावची माणसं कामी आली तिथे तिथे हुतात्मा स्मारक बांधायचं ठरलं. दोनशेच्या वर स्मारकं राज्यभर उभी राहिली, जवळपास एकाच धाटणीची. तुम्ही एसटीने फिरत असाल तर एखादं नक्की पाहिलं असेल, बहुधा कुलूप लावलेलं. स्मारकात जनावरं बांधली, पत्त्यांचा अड्डा भरला, बाटल्या सापडल्या, अशा बातम्या याच वर्तमानपत्रांतून आपण वाचत आलो आहोत. म्हणजे मोस्तारला जे द्वेषाने झालं ते आपल्याकडे फुरसतीने होतं. मला दुसरं जास्त लागतं, कारण त्यात रागवायलाही कोणी समोर नसतं.

(जाता जाता सांगतो. मुंबईच्या हुतात्मा चौकात मशाल धरलेले शेतकरी-कामगार आहेत ना, ते उचलून बेलग्रेडच्या चौकात ठेवले असते तरी तिथल्या लोकांना आपलेच वाटले असते.)

आपल्या विदर्भात १६ ऑगस्ट १९४२ हा दिवस नागपंचमीचा होता. त्या दिवशी चिमूर पेटलं आणि वर्धा जिल्ह्यातलं आष्टीही. आष्टीला लोक पोलीस ठाण्यावर चालून गेले, गोळीबार झाला. दोन्ही बाजूंची माणसं मेली. आज त्या तालुक्याचं नाव कागदोपत्रीही 'आष्टी शहीद' असं लिहितात. तिथल्या हुतात्म्यांमध्ये पंची गोंड आहेत, उदेभान कुबडे आहेत, केशव ढोंगे आहेत, रशीद खान आहेत. सोलापुरातही तसंच. १२ जानेवारी १९३१ रोजी येरवड्यात एकाच दिवशी चौघांना फाशी दिलं: मल्लप्पा धनशेट्टी, जगन्नाथ शिंदे, श्रीकिसन सारडा आणि कुर्बान हुसेन. चौघांचे पुतळे तिथे एकाच चौकात आहेत.

आता थोडं स्वतःचं. मी मराठीत कविता लिहितो, म्हणून पंधरा ऑगस्टला कुठून ना कुठून बोलावणं येतं. बोलावणारे मायेने सांगतात, "भाई, तुम्ही अब्दुल हमीदवर बोला ना." बोलतो. १९६५ साली जीपवरच्या तोफेने पॅटन रणगाडे फोडणाऱ्या माणसावर कोण बोलणार नाही? पण एका वर्षी मी म्हटलं, यंदा उदेभान कुबडेंवर बोलतो. संयोजक क्षणभर गप्प झाले. म्हणाले, "त्यांच्यावर पाटीलसर बोलणार आहेत." त्यांच्या मनात वाईट काही नव्हतं. वाटणी मात्र झालेली होती. रशीद खान माझ्या वाट्याला, पंची गोंड आदिवासी दिनाला, कुबडे पाटीलसरांना. एका गावातले लोक एका दिवशी एकाच गोळीबारात पडले, आणि आम्ही त्यांना निरनिराळ्या कार्यक्रमपत्रिकांत टाकलं. पाटी एक असते तोवर हे करता येत नाही. पाटीवर सगळी नावं एकाखाली एक वाचावीच लागतात.

म्हणून मला त्या सरकारी, एकसारख्या, थोड्या कुरूपच इमारतींची काळजी वाटते. दुरुस्तीला निधी मंजूर झाला की रंग, फरशी, कुंपण होतं, तेही व्हावंच. पण पाटीवरची अक्षरं वाचता येतात का, हे बघायला सर्वांत कमी खर्च येतो आणि तेच राहून जातं. अक्षर एकदा पुसलं, आणि ते ठाऊक असलेली म्हातारी माणसंही गेली, की पुन्हा कुठून आणणार?

आमच्याकडच्या शाळांच्या सहली वर्ध्याला जातात. सेवाग्राम, पवनार झालं की परत. एका शिक्षक मित्राला म्हटलं, तळेगावहून आत वळा, आष्टी फार लांब नाही. प्रत्येक मुलाला वही न्यायला सांगा आणि पाटीवरची नावं आहेत त्या क्रमाने, स्वतःच्या हाताने उतरवून घ्यायला लावा. तो आधी एसटीच्या भाड्याचं बोलला, मग वेळेचं. शेवटी कबूल झाला. म्हणाला, "पण वह्या तपासायला तुम्हीच यायचं." मी हो म्हटलं आहे.