उत्तर देणारा माणूस

टीव्हीवर डॉक्टर बसलेले असतात. फोनवरून कुणी नाव न सांगता नवराबायकोमधली अडचण विचारतं, आणि आपल्या घरात लगेच रिमोट शोधला जातो. खरं तर प्रेम, शरीर, संसार यांवर जाहीर उत्तरं देण्याची मराठीतली रीत टीव्हीच्या फार आधीची आहे. ती रघुनाथ धोंडो कर्व्यांनी पाडली.

महर्षी कर्व्यांचे हे थोरले चिरंजीव, गणिताचे प्राध्यापक. १९२१ साली त्यांनी मुंबईत संततिनियमनाचं केंद्र काढलं आणि या कामापायी पुढे विल्सन कॉलेजातली नोकरी गेली. जुलै १९२७ मध्ये त्यांनी ‘समाजस्वास्थ्य’ मासिक सुरू केलं, ते १९५३ साली मरेपर्यंत चालवलं. वाचक त्यात हस्तमैथुनाविषयी, समलिंगी ओढीविषयी विचारत. ज्या गोष्टी बापाला, गुरुजींना विचारता येत नव्हत्या, त्या कर्व्यांना विचारत. ते पापाची भीती घालत नसत; शास्त्र काय म्हणतं ते सांगत.

याच उत्तरांवर १९३४ साली अश्लीलतेचा खटला झाला. कर्व्यांचे वकील होते डॉ. बाबासाहेब आंबेडकर. लैंगिक प्रश्नांवर लिहिलं म्हणजे ते अश्लील ठरत नाही, ही त्यांची बाजू. न्यायालयाने ती मानली नाही. कर्व्यांना दोनशे रुपये दंड झाला. दंड भरून त्यांनी पुढचे अंक काढले. मला हा माणूस फार मोठा वाटतो.

आपल्या विदर्भातही असं काम झालं आहे. डॉ. राणी बंग यांनी गडचिरोलीच्या दोन गावांतल्या ६५० बायकांची तपासणी केली. ९२ टक्के बायकांना स्त्रीरोग किंवा लैंगिक आजार निघाले. त्याआधी तपासणी झालेल्या होत्या अवघ्या ८ टक्के. दुखणं अंगावर काढायचं, सांगायचं नाही. १९८९ साली ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकाने हे छापलं तेव्हा जगाला कळलं. पुढे त्यांनी तरुण मुलामुलींसाठी ‘तारुण्यभान’ शिबिरं सुरू केली.

आपल्या समुद्रपूर तालुक्यातल्या, गिरडच्या, जामच्या शिक्षकांना माझी विनंती आहे. दहावीच्या विज्ञानात मानवी प्रजननाचा भाग आहे. ‘घरी वाचून या’ म्हणून तो सोडू नका. पूर्ण तास द्या, दवाखान्यातल्या डॉक्टरबाईंना बोलवा, आणि पोरांना नाव न घालता चिठ्ठीवर प्रश्न लिहू द्या.