नाव न घालणारी चित्रकर्ती
(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



चिटणीसबाईंनी मला ‘एखाद्या चित्रकर्तीवर बोला’ म्हणून सांगितले. मी निवडलेल्या बाईंनी जन्मभर चित्रे काढली, पण त्यांखाली आपले नाव घातले नाही. मारिया निकोलायेव्हना सोकोलोवा, जन्म १८९९, मॉस्कोचा. वडील पाद्री.

रशियातले ऑर्थोडॉक्स ख्रिस्ती लोक ज्या चित्रांपुढे दिवा लावतात, त्यांना आयकॉन म्हणतात. घराच्या एका कोपऱ्यात ती मांडलेली असतात. आपल्याला देवघर म्हटले की पुरे! असे चित्र काढणाऱ्याने उपास करावा, प्रार्थना करावी, मगच कुंचला धरावा, अशी जुनी रीत.

काम फार चिकाटीचे. वाळलेल्या मऊ लाकडाची फळी घ्यायची, तिच्यावर सरसाने कापड चिकटवायचे. मग खडूची पूड आणि सरस यांचे पातळ थर एकावर एक द्यायचे आणि घासून गुळगुळीत करायचे. त्यावर रेखाटन, सोन्याचा वर्ख, आणि शेवटी दगडमातीचे रंग अंड्याच्या बलकात कालवून भरायचे. चेहरा आधी गडद मातकट रंगवतात आणि मग एकेक फिकट थर देत त्यावर उजेड चढवतात.

हे वाचून मला राहवेना. आमच्या स्वयंपाकघरात अंडे येत नाही, म्हणून गच्चीत बसून बलक वेगळा काढला आणि गेरू कालवला. सासूबाई दोन दिवस बोलल्या नाहीत. पण बशीत वाळलेला रंग काही केल्या निघेना, तेव्हा पाचशे-सहाशे वर्षांची चित्रे टिकली कशी, ते उमगले.

चित्रावर शेवटी जवसाच्या तेलाचे रोगण देत. ते काळाने काळवंडे, मग कुणीतरी वरून नवे चित्र काढी. आंद्रेई रुब्लेव यांच्या प्रसिद्ध ‘त्रिमूर्ती’वरचे असे थर १९०४ साली काढू लागले, तेव्हा आतला निळा रंग पाहून लोक थक्क झाले. जुनी विद्या अशी नुकती उजेडात येत होती, तोच १९१७ ची क्रांती झाली. देवळे आणि मठ बंद पडू लागले. मॉस्कोजवळचा त्रिमूर्ती-सेर्गेई मठ १९२० साली बंद झाला.

मारियाबाईंनी पोटासाठी पुस्तकांतली चित्रे काढली आणि आयकॉन काढले ते गुपचूप. १९३४ साली त्यांनी रशियातल्या सर्व संतांचे एक चित्र काढले. ते ज्यांच्यासाठी काढले, त्या बिशप अफनासी यांची कितीतरी वर्षे तुरुंगांत आणि छावण्यांत गेली. पकडले जाण्याची भीती असताना त्या फळीवर एकेका संताचा बारीक चेहरा उजळवत बसायचे, याला काय म्हणावे? मला तर शूर शब्दही थोडा वाटतो. शूर माणसाला निदान कुणीतरी पाहत असते.

१९४६ साली तो मठ पुन्हा उघडला आणि बाई तिथे जुनी चित्रे दुरुस्त करू लागल्या. पुढे १९५० नंतरच्या दशकाच्या अखेरीस मठातल्या धर्मविद्यालयात त्यांनी आयकॉन शिकण्याचा एक वर्ग चालू केला. शिकवण्याची पद्धत एकच : जुने चांगले चित्र समोर ठेवा आणि त्याची नक्कल करा. आपल्याला हे नीरस वाटेल. पण ज्यांच्या गुरूंची पिढीच विस्कटली, त्यांनी शिकावे कुणाकडून? त्या जुन्या चित्रांकडूनच. माझी आई अंगणात सुरेख चैत्रांगण काढी. ‘पुढल्या वर्षी शिकेन’ म्हणता म्हणता ती गेली आणि माझ्याजवळ नक्कल करायलासुद्धा काही उरले नाही.

१९७० साली मारियाबाईंनी गुपचूप संन्यास घेतला. नाव मिळाले जुलियानिया. १९८१ साली त्या वारल्या. आयकॉनच्या कामावरचे त्यांचे पुस्तक निघाले ते १९९५ साली, आणि त्यापूर्वीच, १९९० मध्ये, त्याच विद्यालयात आयकॉनचे रीतसर शिक्षण सुरू झाले होते. पहिल्यापहिल्या शिक्षकांत त्यांच्या हाताखाली शिकलेली माणसे होती.