पाण्यात घागर हलकी होते
(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



व्यासपीठावर उभे राहण्याची माझी ही पहिलीच वेळ. माझे शिक्षण सातवीपर्यंत. तेव्हा काही चुकले-माकले तर पदरात घ्या. चिटणीसबाई म्हणाल्या, "कोणा कर्तबगार माणसाची माहिती सांगा." माझे माहेर वाळवा तालुक्यातले. म्हणून तिकडचाच एक माणूस मी निवडला. त्यांचे नाव मुरलीकांत पेटकर. २०२४ साली त्यांच्या आयुष्यावर 'चंदू चॅम्पियन' नावाचा हिंदी सिनेमा निघाला, तो तुमच्यापैकी काहींनी पाहिला असेल.

पेटकरांचा जन्म १९४४ सालचा, पेठ इस्लामपूरचा. लहान वयातच ते लष्करात गेले. गाड्या आणि यंत्रे दुरुस्त ठेवणारे ई. एम. ई. नावाचे दल असते, त्यात ते कारागीर जवान होते. सिकंदराबादला असताना ते मुष्टियुद्ध खेळत. १९६५ साली पाकिस्तानशी युद्ध झाले. त्यात त्यांना गोळ्या लागल्या आणि कमरेखालचे अंग लुळे पडले. वय अवघे वीस-एकवीस. ठोसा हाताचा दिसला तरी त्याचा जोर पायातून येतो. पायच गेल्यावर मुष्टियुद्ध कसले?

उपचार म्हणून त्यांना पोहायला सांगण्यात आले. लुळ्या माणसाला पाण्यात का घालायचे, हे मला आधी कळेना. मग विहीर आठवली. घागर पाण्यात असते तोवर तिचे ओझे वाटत नाही. पाण्याबाहेर आली की दोर हात कापतो. माणसाच्या शरीराचेही तसेच. जमिनीवर जे पाय ओझे होतात, ते पाणी आपल्या अंगावर घेते.

विहिरीत भोपळा बांधून शिकलेली आमच्या गावची पोरे बेडकासारखे पाय मारीत. त्या पोहण्याला ब्रेस्टस्ट्रोक म्हणतात, हे मला माझ्या मुलाने सांगितले. कलकत्त्याची आरती साहा १९५२ साली हेलसिंकीच्या ऑलिंपिकमध्ये याच प्रकारात दोनशे मीटर पोहली. तेव्हा ती पुरती बारा वर्षांचीही नव्हती! पण या प्रकारात पायांचा जोर फार लागतो. पेटकरांनी नाव मिळवले ते फ्रीस्टाइल प्रकारात, म्हणजे हात आळीपाळीने पुढे टाकून पाणी मागे ओढायचे. त्यांचे पाय नुसते मागून येत.

अपंगांच्या खेळांची सुरुवातही अशीच दवाखान्यातून झाली. इंग्लंडात स्टोक मँडेव्हिल येथे डॉक्टर गुटमन पाठीचा कणा दुखावलेल्या सैनिकांवर उपचार करीत. असे रोगी नुसते पडून राहत आणि खंगत. गुटमन यांनी त्यांच्या हाती खेळ दिला. १९४८ साली तिथे सोळा जणांची धनुष्यबाणाची स्पर्धा झाली. त्यातूनच पुढे पॅरालिंपिक उभे राहिले.

पेटकर १९६८ साली तेल अवीवच्या पॅरालिंपिकमध्ये टेबल टेनिस खेळले. १९७० साली एडिंबरोला राष्ट्रकुलाच्या अपंगांच्या सामन्यात त्यांनी पोहण्याचे सुवर्णपदक मिळवले. मग आले १९७२ साल. ऑलिंपिक म्युनिकला होते, पण तिथली खेळाडूंची वसाहत नंतर खाजगी घरांसाठी द्यायची ठरलेली होती. म्हणून अपंगांचे सामने हायडेलबर्ग या दुसऱ्या गावी घेतले. तिथे पेटकर पन्नास मीटर अंतर ३७.३३ सेकंदांत पोहले. तो जागतिक उच्चांक ठरला. भारताचे हे पॅरालिंपिकमधले पहिले सुवर्णपदक. ऑलिंपिकमध्ये एकट्या खेळाडूचे सुवर्ण आपल्याला २००८ साली अभिनव बिंद्रा यांनी मिळवून दिले. म्हणजे त्याच्याही छत्तीस वर्षे आधी हा पराक्रम झाला होता.

पुढे त्यांनी पुण्याच्या टेल्कोत नोकरी केली. आपल्या भागातल्या कितीतरी घरांची चूल ज्या टेल्कोवर पेटली, आणि जिला आता टाटा मोटर्स म्हणतात, तीच ही टेल्को. देशाने मात्र त्यांची आठवण फार उशिरा केली. पद्मश्री २०१८ साली मिळाली आणि अर्जुन पुरस्कार जानेवारी २०२५ मध्ये. पदकाला तोवर बावन्न वर्षे होऊन गेली होती.

भगिनींनो, आता थोडे घरचे बोलते. तीन वर्षांपूर्वी आमच्या ह्यांच्या पायावर कारखान्यात पत्र्याचा गठ्ठा पडला. उजवा पाय गुडघ्याखाली काढावा लागला. तुम्ही सगळ्या तेव्हा धावून आलात. डबे दिलेत, मुलांना सांभाळलेत. ते मी जन्मात विसरणार नाही. पण येणारा प्रत्येक जण उंबऱ्यातच म्हणे, "बिचाऱ्यांचे आता कसे होणार?" आणि हे आतल्या खोलीत ऐकत असत.

तुम्हाला तरी काय म्हणू? मीही तेच केले. पाण्याचा तांब्या घ्यायला हे उठले की मी धावत जाऊन तो हातातून काढून घेई. बाजाराची पिशवी घेऊ देत नसे. एकदा ह्यांनी बिघडलेला मिक्सर उघडला, तर मी म्हणाले, "राहू द्या, तुम्हाला नाही जमायचे." पाय गेला होता, हात शाबूत होते. मी मात्र हातही काढून घेतले. वर्षभर हे भिंतीकडे तोंड करून पडून असत.

पेटकरांचा सिनेमा आम्ही मुलाच्या मोबाईलवर पाहिला. हे काही बोलले नाहीत. दुसऱ्या दिवशी तो मिक्सर मी माळ्यावरून काढला आणि त्यांच्यापुढे ठेवून भाजी आणायला गेले. परत आले तेव्हा तो चालत नव्हताच, पण हे पेचकस घेऊन बसले होते. तिसऱ्या दिवशी चालला. आज गल्लीतले मिक्सर, पंखे आमच्याकडे येतात. फार पैसे मिळत नाहीत, पण सकाळी उठून करायला काम आहे. पेटकरांना पोहता आले, कारण त्यांना कोणी तरी पाण्यात उतरू दिले. "तुम्हाला नाही जमायचे" असे म्हणून काठावर बसवून ठेवले नाही.

म्हणून मंडळापुढे माझी एकच विनंती आहे. या सभागृहाला चार पायऱ्या आहेत, आणि धरायला कठडा नाही. आपल्या वस्तीत ह्यांच्यासारखे आणखी दोघे-तिघे आहेत, शिवाय गुडघे दुखणाऱ्या आपल्या आजीबाई आहेत. यंदाच्या वर्गणीतून एका बाजूला उतार आणि कठडा बांधून घ्यावा. पुढच्या वर्धापनदिनी ही सारी माणसे आपली आपण वर येऊन बसतील.

आणि कोणाच्या घरी असा माणूस असेल तर उंबऱ्यात "बिचारा" म्हणू नका. आत जाऊन विचारा, "आमचा पंखा बघून द्याल का?"