शेवटची फेरी
(महिला मंडळाच्या हळदीकुंकू समारंभातील भाषण)



रौप्यमहोत्सवी वर्ष आहे, गोडच बोलायला हवं. पण मला बोलायचंय ते सगळे झोपल्यावर आपण स्वयंपाकघरात मारतो त्या शेवटच्या फेरीबद्दल. ओटा पुसला, विरजण लावलं, गॅस बंद केला. अंथरुणावर पाठ टेकली की मनात येतं, रेग्युलेटर फिरवला ना? आपण परत उठतो. घरातले हसतात, "तुला संशयच फार!"

हा संशय खुळचट नाही. सिलिंडरमधल्या १४.२ किलो गॅसला स्वतःचा वास जवळजवळ नसतोच. तो उग्र वास मुद्दाम मिसळलेला असतो, गळती कळावी म्हणून. शिवाय हा गॅस हवेपेक्षा जड. वर जात नाही, लादीवर पसरून राहतो. आपल्या अलिबागच्या पावसात खिडक्या गच्च लावलेल्या. रात्री सुकट भाजलेली असली तर नाकाला दुसरं काही कळतच नाही, आणि हळूहळू नाक त्या वासाला सरावतंही. पहाटे कुणी दिव्याचं बटण दाबलं की संपलं. बटणच कशाला, फ्रिज आपोआप सुरू होतो ना, तेवढी ठिणगीही पुरते.

मला याहून जास्त अस्वस्थ करतं ते वेगळंच. २०१९ च्या सरकारी वेळ-वापर सर्वेक्षणात घरकाम करणाऱ्या बायकांची रोजची सरासरी २९९ मिनिटं आली, आणि जे पुरुष घरकाम करतात त्यांची ९७. ही रात्रीची फेरी त्यात कुणी सांगितली असेल का, देव जाणे. आमच्या जिन्यातल्या दहा घरांत मी मुद्दाम विचारून आले. सात घरांत बाईशिवाय कुणालाच रेग्युलेटर काढता येत नव्हता. म्हणजे ती माहेरी गेली, आजारी पडली, तर घर कुणाच्या भरवशावर?

वास आला तर कुठलंही बटण दाबायचं नाही, एक्झॉस्टचंसुद्धा नाही. रेग्युलेटर काढून सिलिंडरला टोपी लावायची, दारं-खिडक्या उघडायच्या, बाहेर येऊन १९०६ ला फोन करायचा.

येत्या रविवारी सकाळी दहाला पार्किंगमध्ये मी माझा सिलिंडर घेऊन येते. प्रत्येक फ्लॅटमधून पुरुषमंडळी आणि मोठी मुलं यावीत, वॉचमनकाकांनीही यावं. एकेकाने रेग्युलेटर लावून-काढून दाखवायचा. पोह्यांची सोय त्या दिवशी कमिटीच्या पुरुष सभासदांकडे आहे, सेक्रेटरीसाहेबांनी आत्ताच मान हलवलेली तुम्ही सगळ्यांनी पाहिली.