मालेगावचा सुपरमॅन आणि पडद्याबाहेरच्या मुली



मुंबईच्या फिल्म इंडस्ट्रीला न विचारता सिनेमे काढणारी माणसं आपल्याच महाराष्ट्रात निघाली, यंत्रमागांच्या मालेगावात. नासिर शेख यांचं व्हिडिओ पार्लर होतं. लोकांना सिनेमे दाखवता दाखवता ते स्वतःच बनवायला शिकले. २००० साली त्यांचा 'मालेगाव के शोले' आला. त्यातले डाकू घोड्यांवरून नाही, सायकलींवरून येतात! पैसा गाठीचा, नट ओळखीचे, भाषा गल्लीतली उर्दू. ट्रॉली हवी तर सायकल, क्रेन हवी तर बैलगाडी.

पुढे त्यांनी सुपरमॅन घेतला. ही भूमिका शफीक शेख या यंत्रमाग कामगाराने केली. अंगाने काडी, पायात चपला, लाल चड्डीची नाडी लोंबतेय. आकाशात उडतो, पण मालेगावच्या धुळीने त्याला दमा होतो. खलनायकाला सगळं शहर तंबाखू खाऊन थुंकणारं हवंय. लोक याला विडंबन म्हणून हसतात. मला मात्र त्यात शहराची तक्रार ऐकू येते. नगरपालिकेच्या अर्जात मावली नसती इतकी ती नेमकी आहे.

फैजा अहमद खान यांनी या शूटिंगवर 'सुपरमेन ऑफ मालेगाव' हा माहितीपट केला. भारतात तो थिएटरला लागला २०१२ मध्ये. त्याआधीच शफीक कॅन्सरने गेला होता. २०२५ मध्ये रीमा कागती यांचा 'सुपरबॉइज ऑफ मालेगाव' आला आणि मुंबईने या मंडळींवरच सिनेमा काढला. २००६ आणि २००८ च्या बॉम्बस्फोटांनंतर मालेगाव म्हटलं की टीव्हीवर एकच चित्र यायचं. ते चित्र पुसायला या मुलांनी कुठलीही परिषद घेतली नाही. लोकांना हसवलं, बस.

आता कौतुक बाजूला ठेवून एक गोष्ट बोलू. या सिनेमांतली नायिका बाहेरगावाहून आणावी लागायची. गावातल्या मुलीने कॅमेऱ्यासमोर उभं राहणं घराघरांत नामंजूर होतं. घोडे नव्हते, तर सायकली सापडल्या. मुलींच्या बाबतीत हा जुगाड कुणाला सुचला नाही, कारण तिथे अडचण पैशाची नव्हतीच. नासिरभाईंना मी दोष देत नाही. आपल्या कुठल्याही मोहल्ल्यात त्या काळी हेच झालं असतं. अनेक ठिकाणी आजही होईल. पण यंत्रमागाच्या खडखडाटात वाढलेल्या मुलीला धूळ, दमा आणि तंबाखूबद्दल काय दाखवायचं होतं, ते आपल्याला कळलंच नाही. तिने सुपरमॅनला कुणाच्या घरी पाठवलं असतं?

नासिरभाईंच्या तेव्हाच्या कॅमेऱ्यापेक्षा चांगला कॅमेरा आज तुमच्या प्रत्येकाच्या खिशात आहे. पर्समध्येही.

आता प्रश्न विचारा. पहिला प्रश्न मागच्या रांगांतून येऊ द्या, मुली तिथेच बसल्या आहेत.