निशाणी ५ चा अर्ज



हिंदू एकत्र कुटुंबाच्या वडिलोपार्जित शेतीत मुलीचा वाटा २००५ च्या दुरुस्तीने मुलाइतका झाला. पण वाटपाचा दावा वर्षानुवर्षे चालतो. तोवर भावाने जमीन विकली तर? म्हणून दाव्याबरोबरच तूर्तातूर्त मनाई हुकुमाचा अर्ज द्यावयाचा. कोर्टात त्याला ‘निशाणी ५’ म्हणतात. प्रथमदर्शनी हक्क दिसतो का, गैरसोय कोणाची अधिक, आणि भरून न येणारी हानी होईल का, एवढे न्यायाधीश पाहतात.

तो अर्ज फेटाळला की ‘निकाल लागला’ म्हणून आपल्या बायका घरी बसतात. अहो, दावा तसाच उभा असतो! दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४३ प्रमाणे या हुकुमावर अपील आहे. जिल्हा न्यायालयात मुदत ३० दिवस. नकल मिळण्यास लागलेला काळ वगळतात. तेव्हा नकलेचा अर्ज लगेच द्यावा. ‘नागनाथाची महाशिवरात्र होऊ द्या, मग पाहू’ म्हणू नये.

वरचे कोर्ट मात्र सारे नव्याने तोलीत बसत नाही. खाली मनमानी झाली किंवा कायदा डावलला गेला, तरच ते हात घालते. सर्वोच्च न्यायालयाने १९९० मध्ये तसे सांगितले आहे. शिवाय या अपिलावर दुसरे अपील नाही. आणि अपील दाखल झाले एवढ्याने भावाचा हात थांबत नाही. तोवरच्या मनाईचा अर्ज अपिलातही वेगळा द्यावा लागतो.